शकुमावशीचं नाव

माझी आई मंदा २०१२ मध्ये न्यूझीलंडमध्ये, पामर्स्टन नॉर्थला आमच्याकडे कायमची राहायला आली. मी पुण्यात जर्मन शिकलेले, त्यामुळे इथल्या फिल्म क्लबात जर्मन सिनेमे निवडायचं काम माझ्याकडे होतं. आईला त्यातले खेड्यांवरचे सिनेमे आवडायचे. गोठा, गवताच्या गंजी, एकत्र जेवायला बसलेलं घर आणि कुणीच कुणाशी न बोलणं. मी तिच्या कानात मराठीत सांगायला लागले की ती म्हणायची, "बोलतात तेवढंच सांग गं. गप्प बसलेलं मला कळतं."

२०१५च्या हिवाळ्यात आम्ही ऑस्ट्रियातल्या एका डोंगराळ गावावरचा सिनेमा लावला. त्यातली थोरली मुलगी घर सोडून जाते आणि बाप तिचं नाव घेऊ देत नाही. शेवटपर्यंत कुणी घेतही नाही. नंतरच्या चर्चेत गाईंचा फार्म असलेले एक आजोबा वैतागून म्हणाले, "एवढी माणसं घरात, एकालाही तोंड उघडता आलं नाही?"

मी ते आईला सांगितलं. ती उभी राहिली.

"विभा, मी बोलते. तू यांना इंग्लिशमध्ये सांग."

"आई, काय बोलणारेस?"

"माझी थोरली बहीण, शकु. तिनं परजातीतल्या मास्तरांशी लग्न केलं, म्हणून वडिलांनी तिला टाकलं. वडील गेले, तरी आम्ही तिचं नाव घेतलं नाही. भीती संपली होती. सवय राहिली."

मला मावशी आहे हे मला तेव्हा कळलं. मी शब्द न् शब्द सांगितला. आजोबांनी उठून आईचा हात हातात घेतला.

दुसऱ्या दिवशी आईनं साताऱ्याला चुलतभावाला, मोरेश्वरमामाला फोन लावला.

"कशाला जुनं उकरतेस?" मामा म्हणाला.

"शकुचा नंबर दे, मोरू."

सांगलीत मावशीनं फोन उचलला. "शके, मी मंदा." पलीकडून बराच वेळ नुसतं रडणं. मग प्रश्न आला, "जेवलीस का गं?"

पुढच्या वर्षी साताऱ्याला मामाच्या मुलीचं लग्न होतं, मीही गेले होते. आई आधी सांगलीला गेली आणि मावशीचा हात धरून तिला भर मांडवात घेऊन आली. सगळे बघत राहिले.

"ही शकु," आई खणखणीत आवाजात म्हणाली. "आमच्यात थोरली. पहिला मान हिचा."

मग मामाच पुढे आला आणि मावशीच्या पाया पडला.

शेजारच्या अनोळखी बाईंनी काही विचारलं नव्हतं, तरी मी त्यांना सांगितलं, "ती बोलली ना, ती माझी आई."