देवीदास इंदूबाईच्या घरी राहिला तेव्हा

इंदूबाईनं माझे राजे शिवले, माझे भिकारी शिवले, आणि एकदा ऐन अंकात फाटलेलं धोतर विंगेत माझ्या अंगावरच शिवलं. आमची नाटकमंडळी मोडली तेव्हा मालकांनी तिची पायमशीन तिलाच देऊन टाकली. त्या मशीनवर तिनं वैधव्याची वीस वर्षं काढली. ती अकोला जिल्ह्यात राहते. गावाचं नाव सांगत नाही, उगाच तिथल्या कोर्टाची अब्रू जायची.

गेल्या वर्षी शेजारच्या देवीदास मंडपवाल्यानं ती मशीन नेली. आपल्या आईची होती, असं तो गावभर सांगू लागला. पोलीस म्हणाले, आपसात मिटवा. तेव्हा इंदूबाई ज्योत्स्नाताई वकिलांना घेऊन कोर्टात गेली आणि शपथेवर बोलली, "मी आली तं देवीदास माह्या घरात मशीन घेऊन राहिला होता."

वऱ्हाडात शेंबड्या पोरालाही याचा अर्थ कळतो: तो मशीन घेत होता. पण मॅजिस्ट्रेट साहेब पुण्याकडचे. त्यांनी लिहिलं, आरोपी फिर्यादीच्या घरी मशीनसह राहत होता हे तिलाच मान्य आहे. सबब वाद दिवाणी, तक्रार खारीज. पासष्टीच्या विधवेचा संसार त्यांनी सरकारी शिक्क्यानिशी थाटून दिला. इतकं धाडस आमच्या नाटककारानंही कधी केलं नव्हतं.

"मशीन तं गेलीच, दादा," इंदूबाई मला म्हणाली, "वरून हा ढोल्या माह्या गळ्यात बांधला."

ज्योत्स्नाताईंनी अकोल्याला सेशन कोर्टात रिव्हिजन टाकली, म्हणजे खालच्या कोर्टाचा हुकूम तपासून पाहण्याचा अर्ज. खाली देवीदासला कोणी बोलावलंही नव्हतं; वर मात्र त्याचं ऐकल्याशिवाय हुकूम फिरवता येत नाही. म्हणून त्याला नोटीस गेली, सोबत खालच्या हुकमाची नक्कल. ती उघडली त्याच्या बायकोनं, रागिणीनं.

तारखेला देवीदास आला तो तोंड सुजवून, मागे रागिणी. त्याचा वकील ऐटीत म्हणाला की खालचा हुकूम अगदी बरोबर आहे. रागिणीनं नवऱ्याकडे फक्त पाहिलं. मी जन्मभर एन्ट्र्या घेतल्या, पण देवीदासची ती एन्ट्री निराळीच. वकिलाला बाजूला सारून तो पुढे आला.

"साहेब, देवाशपथ, मी इच्या घरी एक रात्र राहिलो नाई. मी फक्त मशीन घेऊन राहिलो होतो."

वकिलानं कपाळाला हात लावला. जज साहेब अंजनगावकडचे, म्हणजे अस्सल वऱ्हाडी. चष्मा पुसत म्हणाले, "बाई बी तेच सांगून राहिल्या."

गुन्हा शाबीत होतो का, हे आत्ता पाहायचंच नव्हतं. खटला चालवण्याजोगं काही आहे का, एवढंच. ते होतं. खालचा हुकूम रद्द झाला आणि तक्रार नव्यानं विचार करायला परत गेली.

पुढच्या तारखेआधीच रागिणी मशीन ऑटोत घालून घेऊन आली. नवऱ्यानं कोर्टात पुन्हा तोंड उघडावं, अशी तिची बिलकूल इच्छा नव्हती. इंदूबाईनं मशीनला तेल दिलं, पट्टा चढवला. केस मागं घ्याल ना काकू, असं रागिणीनं हळूच विचारलं.

"पाहू," इंदूबाई म्हणाली. "आधी हात वर कर. ह्या ब्लाऊजची बाही कोन्या गाढवानं लावली?"