पुढे केलेला हात

आमच्या विलो बेंडमध्ये पोराच्या हातात दगड देण्याआधी त्याला हातमोजा काढायला शिकवतात. बाहेरचं कुणी हे ऐकलं की हसतं. हसू दे. वीस किलोचा घोटीव दगड बर्फावरून सरकवायचा, त्याच्यापुढे दोघांनी झाडूनं बर्फ घासत पळायचं, आणि पलीकडच्या टोकाला रंगीत वर्तुळांच्या मधोमध तो नेऊन थांबवायचा, एवढाच काय तो कर्लिंगचा खेळ. तो चार हिवाळ्यांत कुणालाही जमतो. पण हरल्यावर मोजा काढायचा, समोरच्याच्या डोळ्यांत बघायचं आणि हात पुढे करून "चांगलं खेळलात" म्हणायचं, हे कित्येकांना जन्मभर जमत नाही. म्हणून हिवाळ्यातला पहिला शनिवार हात मिळवण्याचा. आमच्या कर्लिंग क्लबात वासिल बाबियुक पोरांना ओळीनं उभं करायचा आणि एकेकाला खोटंखोटं हरवायचा.

"मोजा काढ! मी काय मेंढीचा पाय धरायला आलोय? हं. आता वर बघ. बुटांकडे काय बघतोस, बूट हरलेत का?"

निम्म्या गावानं हात मिळवणं असं वासिलकडे शिकलं. त्याची मुलगी ट्वायलाही तिथंच शिकली.

ट्वायला म्हणजे दणकट, मोठ्या आवाजाची पोरगी. वर्तुळांपाशी उभी राहून ती ओरडली की पलीकडे स्वयंपाकघरात कप वाजायचे. आई लवकर गेली, तेव्हा बापानं तिला शेतावर आणि बर्फावर वाढवलं. बावीस वर्षांपूर्वी ती देशाच्या संघात गेली, उपकर्णधार म्हणून, जागतिक स्पर्धेला. आमच्या तीनशे माणसांच्या गावातून! क्लबाच्या हॉलमध्ये मोठा टीव्ही आणला, बायकांनी दोन दिवस कोबीचे रोल वळले. अंतिम सामना स्कॉटलंडशी होता. वासिल पहिल्या ओळीत बसला होता, लग्नाकार्यातला कोट घालून.

शेवटचा दगड आपला होता. कर्णधारानं तो सोडला. ट्वायला या टोकाला, वर्तुळांपाशी. बर्फ घासायचं की नाही हे अशा वेळी तिनं सांगायचं असतं. घासलं तर दगड लांब जातो, नाही घासलं तर लवकर थांबतो.

"सोडा! झाडू लावू नका!" ती ओरडली.

दगड छान आला. मग दमला. आणि स्कॉटलंडच्या दगडापेक्षा वीतभर बाहेर थांबला. चार पावलं घासला असता तर जगज्जेतेपद होतं. चूक ट्वायलाची होती, आणि ती सगळ्या जगाआधी तिलाच कळली.

आता या खेळात कुणाचा दगड जवळ हे दोन्ही उपकर्णधार आपसांत ठरवतात, पंचाला बोलवत नाहीत. समोर स्कॉटलंडची उपकर्णधार होती, इशबेल रँकिन नावाची, चणीनं लहान. दोघींनी वाकून बघितलं. बोलायला काही उरलंच नव्हतं. हरणाऱ्यानं आधी हात द्यायचा. ट्वायला हलेना. तेव्हा त्या इशबेलनं स्वतःच मोजा काढला आणि हात पुढे केला.

ट्वायलानं झाडू फेकला आणि त्या हाताशेजारून तरातरा निघून गेली.

आणि तो मेला कॅमेरा! ट्वायलाच्या मागे जायचं सोडून त्या हातावरच थांबला. इशबेलला वाटलं असावं की ही झाडू उचलून परत येईल. हात तसाच हवेत, बोटं किंचित वाकलेली. हॉलमध्ये मागून कुणीतरी म्हणालं, "दिसला नसेल तिला." वासिल उठला, खुर्ची उचलून भिंतीशी लावून ठेवली, टोपी घातली आणि बाहेर गेला.

त्या संध्याकाळी आणखी एक घडलं, ते आम्हाला मागाहून कळलं. सामन्यानंतर दोन्ही संघ एका टेबलाशी बसतात आणि पहिला ग्लास जिंकणाऱ्यांनी हरणाऱ्यांना पाजायचा असतो. आमच्या क्लबात हे चुकत नाही, जगाच्या स्पर्धेतही चुकत नाही. त्या दिवशी टेबलाशी आठ खुर्च्या होत्या आणि माणसं सात. ट्वायला खोलीत कडी लावून बसली होती.

ती गावी आली तेव्हा आम्ही कापडी फलक लावला, केक कापला, रुपेरी पदक हातोहात फिरवलं. हाताबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही. आम्ही अशीच माणसं. समोर बोलायचं नाही आणि विसरायचंही नाही. चार शिव्या घातल्या असत्या तर पोरगी मोकळी तरी झाली असती. विमानतळावरून आणताना बाप सगळी वाट बर्फाबद्दल बोलला, यंदा किती पडलं आणि कधी वितळेल. त्या शरदात त्यानं क्लबाला निरोप धाडला की माझे गुडघे गेले, पोरांना आता दुसऱ्या कुणीतरी शिकवावं. मग दुसरे शिकवायला लागले. पहिला शनिवार चालू राहिला, पण उरकल्यासारखा.

ट्वायलानं पुन्हा बर्फावर पाय ठेवला नाही. सकाळी शाळेची बस चालवायची आणि हिवाळाभर संध्याकाळी क्लबाच्या स्वयंपाकघरात राबायचं. तिथल्या छोट्या खिडकीतून ताटं बाहेर द्यायची, तेवढाच तिचा हॉलशी संबंध. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ना, तसं झालं होतं. हॉलमध्ये दोघं हात मिळवून हसले तरी हिला वाटायचं आपल्यावरच हसले. माफी मागायची राहिली. पहिल्या वर्षी राग होता, दुसऱ्या वर्षी लाज वाटली, आणि पुढे तर कुठल्या तोंडानं मागायची? लग्न केलं नाही. म्हातारा बाप आणि ती, दोघं एका घरात, आणि त्या सामन्याबद्दल एक शब्द नाही.

या मार्चात महिलांची जागतिक स्पर्धा आमच्या जवळच्या शहरात भरली. स्पर्धा सुरू होण्याआधी एकेका गावच्या क्लबानं एकेका देशाला जेवायला बोलवायचं ठरलं. चिठ्ठ्या टाकल्या. आमच्या वाट्याला स्कॉटलंड आलं. ही बातमी स्वयंपाकघरात ग्लेनिसनं आणली. ग्लेनिस म्हणजे ट्वायलाची शाळेपासूनची मैत्रीण, जिभेला हाड नसलेली.

"प्रशिक्षक कोण आहे विचार."

ट्वायला कांदा चिरत राहिली. "कोण?"

"इशबेल रँकिन."

सुरी थांबली. "मला त्या दिवशी बरं नसणार," ट्वायला म्हणाली.

"काय होणारेय तुला? ताप? अगं, तुझा ताप बावीस वर्षांचा आहे, आता उतरव की! हात द्यायचा, सॉरी म्हणायचं, संपलं. चावणार आहे का ती?"

"तुला बोलायला काय जातंय, ग्लेनिस."

"काही जात नाही, म्हणूनच बोलतेय. दुसरं कोण बोलणारेय तुझ्याशी? तुझा बाप?"

ट्वायलानं आठवडाभर तालीम केली. रिकाम्या बसच्या आरशात बघून म्हणायची, "मी ट्वायला बाबियुक. त्या दिवशी मी चुकले." पोरं चढली की गप्प. एकदा एका पोरीनं विचारलंदेखील, "बाई, तुम्ही कुणाशी बोलता?" तिला म्हणाली, खाली बस, पट्टा लाव.

त्या दिवशी दुपारी स्कॉटलंडच्या मुलींनी आमच्या म्हाताऱ्यांबरोबर गमतीचा खेळ केला आणि उजेड असतानाच सगळे जेवायला बसले. वासिल बर्फाकडच्या काचेशेजारच्या त्याच्या ठरलेल्या खुर्चीत. ट्वायला आत पेरोगी लाटत होती, बटाटा आणि चीज भरून उकडायच्या करंज्यांसारखे. जेवणं संपत आली की खिडकीआड न लपता बाहेर जायचं, असं तिनं ठरवलं होतं. तेवढा वेळच मिळाला नाही. खिडकीशी एक पांढऱ्या केसांची छोटीशी बाई येऊन उभी राहिली.

"हे इतके सुंदर कुणी केलेत? मला त्या बाईंना भेटायचंय," असं म्हणून तिनं खिडकीतून हात आत घातला. "मी इशबेल."

तोच हात. ट्वायलानं बघितला आणि तिचे दोन्ही हात आपसूक पाठीमागे गेले.

"पीठ लागलंय," ती म्हणाली.

बस्स, एवढंच. आठवडाभराची तालीम, आणि तोंडातून निघालं काय, तर पीठ लागलंय! खिडकीशेजारच्या टेबलांनी माना वळवल्या. त्यांच्यामागच्यांनीही. इशबेलचा हात जरासा थांबला. तिनं ट्वायलाकडे नीट बघितलं, आणि तिला ओळख पटली, ते तिच्या चेहऱ्यावर दिसलं. "बरं," असं म्हणून तिनं हात मागे घेतला आणि गेली.

ट्वायला ओट्याला टेकली. शरमेनं तिचे कान जळत होते. मेल्याहून मेल्यासारखं म्हणतात ते हेच. पहिल्या वेळी हरल्याचा राग होता, तरुण होते, असं निदान म्हणता तरी येत होतं. आता काय म्हणणार? अख्ख्या गावासमोर, बापासमोर, त्याच बाईचा हात दुसऱ्यांदा नाकारला. तिनं खिडकीची फळी खाली ओढली आणि मागच्या दाराकडे निघाली.

"कुठं?" ग्लेनिस दारात आडवी.

"घरी. सरक."

"जा. पण आधी ऐक. त्या बाईनं राय व्हिस्कीचे दोन ग्लास मागवलेत. कोपऱ्यातल्या टेबलाशी एकटीच बसलीय. तिच्या पोरी बोलवतायत, तर जात नाही."

"मग?"

"मग काय? एक ग्लास तिच्यापुढे आहे आणि एक रिकाम्या खुर्चीपुढे. बाकी तुझं तू बघ." आणि ग्लेनिस चक्क दारातून बाजूला झाली.

ट्वायला उभी राहिली. मागचं दार दोन हातांवर होतं. मग तिनं फडक्याला हातही न पुसता पुढचं दार ढकललं. हॉल तेवढा मोठा नाही, पण त्या दिवशी तिला तो संपता संपेना. आम्ही सगळे ताटांत बघत होतो आणि सगळे तिच्याकडेच बघत होतो. कोपऱ्यातल्या टेबलाशी पोचल्यावर तिनं पिठानं माखलेला हात पुढे केला.

"त्या दिवशी मी..."

"आधी हात," इशबेल म्हणाली आणि उठून तिनं तो दोन्ही हातांत धरला. "हं. आता बोल."

"चांगलं खेळलात," ट्वायला म्हणाली. दुसरं काही सुचलंच नाही, बापानं शिकवलेलं तेवढंच आलं. आणि ती रडायला लागली, भर हॉलमध्ये, एवढी मोठी बाई.

"बस. तुझा ग्लास राहिलाय माझ्याकडे. जिंकलं कोण होतं?"

ती बसली. दोघींनी एकेक घोट घेतला. मग इशबेल हळू आवाजात म्हणाली, "एक विचारू? मी तुला तेव्हा काही बोलले होते का गं?"

"तुम्ही? नाही! एक शब्दसुद्धा नाही."

"मलाही तसंच आठवतं. पण घरी गेल्यावर जो तो विचारायचा, त्या पोरीला काय बोललीस, की तिनं हातसुद्धा दिला नाही? आईनंही विचारलं. आमच्याकडे विनाकारण कुणी हात नाकारत नाही, तेव्हा कारण माझ्याकडेच असणार. जिंकून आले होते मी, आणि वर्षभर मान खाली घालून फिरत होते."

ट्वायलाला ग्लास खाली ठेवावा लागला. इतकी वर्षं तिनं आपली लाज मांडीवर घेऊन जोजवली होती. माझं तोंड काळं झालं, माझं नाव गेलं, माझ्यावर लोक हसतात. त्या हवेतल्या हाताच्या मागे एक बाई होती, तिला घर होतं, गाव होतं, तिलाही आई होती, हे एकदाही मनात आलं नव्हतं.

"मी सांगते सगळ्यांना," ती म्हणाली. "तुमच्या पोरींना आत्ता सांगते, तुम्ही काही बोलला नव्हतात." आणि खरंच उठली. मोठा आवाज होताच. हॉलला ऐकू जाईल असं म्हणाली, "या बाई मला वाकडा शब्द बोलल्या नव्हत्या. मी हरले होते आणि मी माजले होते. एवढंच कारण." मग बसली. कुणी टाळ्याबिळ्या वाजवल्या नाहीत. ग्लेनिसनं आतून ताटं आपटली, तेव्हा लोक पुन्हा जेवायला लागले.

स्कॉटलंडची बस गेल्यावर ट्वायलानं बापाचा कोट आणला. वासिल चौऱ्याऐंशीचा. दोघं अंगणातून पिकअपकडे निघाली, पायाखाली बर्फ करकरत होतं.

"ट्वायला."

"काय बाबा?"

"क्लबात सांग. पुढच्या हिवाळ्यात पहिल्या शनिवारी पोरांना मी बघेन म्हणावं."

ती थांबली. "अहो, पण तुमचे गुडघे?"

वासिल तिच्याकडे न बघता पुढे गेला. पिकअपचं दार उघडलं, उंच पायरीवर पाय टाकला आणि कशाला न धरता आत जाऊन बसला. चर्चच्या पायऱ्यांवरचं बर्फ दर रविवारी कोण काढायचं, बागेत गुडघ्यांवर बसून बटाटे कोण खणायचं, हे तिला त्या क्षणी आठवलं. दर वर्षी ती शेजारीच उभी असायची, टोपली धरून.

"कोणत्या तोंडानं शिकवणार होतो?" तो आतून म्हणाला. "माझं स्वतःचंच नाणं खोटं निघालं होतं."

ट्वायला दाराशी उभी राहिली. बापाच्या गुडघ्यांना काहीही झालं नव्हतं, कधीच नाही.

"चल," वासिल म्हणाला, "थंडी आत येतेय." आणि मोजा काढून त्यानं तिच्यापुढे हात केला.