साधनाच्या बोड्या

वीज पडली तेव्हा साधना एका म्हाताऱ्याचा अर्ज भरत होती. वीज शेजारच्या कॉम्प्युटरवर पडली. खेळातली. तिच्या गोठ्यामागची झाडं पेटली आणि आग पानातून पानात सरकू लागली.

गाई चरत राहिल्या. पलीकडचं झाड जळत होतं आणि त्या मान खाली घालून चरत होत्या. अंगाला आग लागली तेव्हा उधळल्या. कुठेही उधळल्या, काही तर उलट आगीतच शिरल्या.

"यायले पळता काऊन येत नाई?" साधना ओरडली. म्हाताऱ्याने दचकून आधार कार्ड पुढे केलं.

मूल गावात बसस्टँडसमोर धनराजचं ऑनलाईन सेंटर आहे. झेरॉक्स, दाखले, सातबारा. साधना तिथे अर्ज भरायचं काम करते. दुपारी गिऱ्हाईक पांगलं की तिथले कॉम्प्युटर खेळाला मोकळे होतात. या खेळात जिंकणं नसतं. रिकाम्या हाताने रानात उतरायचं, लाकूड तोडायचं, माती खणायची, घर बांधायचं, जनावरं पाळायची, आणि जगून दाखवायचं. चौघं मिळून एकाच जगात खेळत. मालक धनराज, साधना, पोलीस भरतीची तयारी करणारा प्रफुल आणि नर्सिंग शिकणारी दीपिका. धनराजने किल्ला बांधला होता. प्रफुलने खाण खणली होती. साधनाने जनावरं वाढवली होती.

आग विझल्यावर प्रफुल राखेत उतरला. या खेळात जळून मेलेल्या जनावराचं मांस भाजलेलंच मिळतं.

"आयतं शिजलं, ताई," तो म्हणाला. "मीठ तेवढं राह्यलं."

"खाय," साधना म्हणाली. "अन् हाडं घशात अडकली त मले बोलवू नको."

साधना ढिवराच्या घरची. बाप शालिकराम गावच्या तलावात जाळं टाकतो. घर तलावाच्या पाळीखालीच आहे, त्यामुळे माणसाच्या आवाजाआधी तिला पाणकोंबड्यांचा आवाज कळला असावा. बारावीनंतर तिला राजुऱ्याला दिली. नवरा कोळशाच्या ट्रकवर होता आणि हात उचलायचा. पहिल्या उन्हाळ्यातच ती एक पिशवी घेऊन परत आली. समजूत घालायला सासरचे आले, मागून जातीतले शहाणे आले. ती ओट्यावर बसून मासे साफ करत राहिली.

"जेवून जा," ती त्यांना म्हणाली. "मी काही येत नाई."

ते जेवून गेले. गावात बरेच दिवस बोलणं झालं. मग लोकांना दुसरा विषय मिळाला आणि साधना मूलला कामाला जाऊ लागली.

आग तिला माहीत होती. मोहफुलं वेचायचे दिवस आले की झाडाखालचा पाला पेटवतात, आणि तलावापलीकडचं रान धुमसत राहतं. शालिकराम वनखात्याच्या रोजीवर जाळरेषेला जायचा. जाळरेषा म्हणजे पाला झाडून उघडी केलेली पट्टी. आग तिथवर येते आणि खायला काही नाही म्हणून थांबते. साधनाही बापाबरोबर गेली होती. म्हणून वीज पडल्यानंतर तिने खेळातही तेच केलं. गोठ्याभोवती सगळं गवत उपटलं, जमीन चकचकीत केली.

"ताईनं रान झाडून काढलं," प्रफुल म्हणाला. "आता सारवून रांगोळी टाक."

पुढची वीज पडली. खऱ्या रानातली आग पाचोळ्यातून सरपटत येते. ही वरून आली. एका शेंड्यावरून दुसऱ्या शेंड्यावर, रेषेच्या डोक्यावरून. मेंढ्या गेल्या. प्रफुल टेबल बडवून हसला. दीपिकाही हसली, मग तिने साधनाकडे पाहिलं.

"चुकलं माहं," साधना म्हणाली. "दुसरं पाहू."

दुसरं तिला प्रफुलमुळेच सापडलं. त्याने भाजलेल्या मांसासाठी गवत पेटवलं होतं. पेटलेलं एक डुक्कर वेड्यासारखं धावलं, आणि मध्येच वळून सरळ खड्ड्यातल्या पाण्यात पडलं. धूर निघाला. डुक्कर बाहेर आलं आणि चरायला लागलं.

साधना खुर्चीवरून उठली. "पाह्यलं? पाणी दिसलं त्याले."

"थांब, दुसरं पेटवतो," प्रफुल म्हणाला. "किती दुरून वास लागते, मोजू."

"हात लावून पाह्य."

"अवं ताई, खोटं डुक्कर आहे ते!"

"मंग तुही मजा बी खोटीच. सोड तिले."

त्याने सोडलं. का सोडलं, हे त्यालाही नीट सांगता आलं नसतं.

होळीच्या आधी धनराजने जाहीर केलं की खेळाची नवी आवृत्ती आली आहे. जुनं जग जड झालंय, मशीन अडकते. होळीनंतरच्या रविवारी ते पुसून टाकू. पुसायच्या आधी चौघांनी मिळून पेटवू. "सगळं रान एका दमात. मस्त दिसन."

"अन् माही जनावरं?"

"नव्या जगात नवी घे. अंडी फोड, पिल्लं काढ, काय कमी आहे?"

"मले हीच पाह्यजेत."

धनराज वाईट माणूस नाही. म्हाताऱ्यांकडून तो कधी कधी झेरॉक्सचे पैसेही घेत नाही. पण प्रफुलसमोर त्याला मालक दिसायचं असतं. "बरं," तो म्हणाला. "पेटवू त आपण पेटवूच. पण तुह्या कळपातली गाय, मेंढी, डुक्कर, कोंबडी, प्रत्येकाची जोडी वाचली, तर हे जग राह्यन. नवीन मी दुसऱ्या मशीनवर घेतो. एक बी जोडी तुटली, तर डिलीट."

"दगडाच्या घरात कोंडायचं नाई," प्रफुल मध्येच म्हणाला. "उघड्यावर."

"मले कोंडायची हौस नाई," साधना म्हणाली. "ठरलं."

त्या दुपारपासून ती खणू लागली. तिच्याकडचे धान करणारे लोक बांधीच्या, म्हणजे धानाच्या शेताच्या, वरच्या अंगाला पाणी धरून ठेवणारं लहानसं तळं खणतात. त्याला बोडी म्हणतात. साधनाने खेळातल्या रानात बोड्या खणल्या. गोठ्याजवळ, झाडीत, माळावर. तीन बाजूंना पाळ, एका बाजूला उतार, म्हणजे जनावर आत जाईल आणि बाहेरही येईल. एक भरली की पुढची. किल्ल्याच्या दारातही एक खणली. धनराजचा खेळातला माणूस त्यात पडला तेव्हा धनराज म्हणाला, "बाप्पा! रस्ता त सोड."

"फिरून जाय."

एक दिवस शालिकराम मासळी विकून केवायसी करायला सेंटरवर आला. पाटी दाराशी ठेवून तो लेकीच्या मागे उभा राहिला.

"हे काय खोदून राह्यली?"

"बोडी."

"रोजगार हमीवर आहे का?"

"फुकटात आहे, बा."

तो बराच वेळ बघत राहिला. मग म्हणाला, "घरच्या बोडीत गाळ साचला. तिले त हात लावत नाई तू."

"तिले हात लावाले सगळ्या भावकीच्या सह्या लागतात. काकाची सही नाई म्हणून राह्यली. इथी मले कोणी विचारत नाई."

शालिकराम अंगठा देऊन झाल्यावर, निघताना, पडद्याकडे बोट करून म्हणाला, "या पाळीवर कोणतं झाड नको ठेवू. पेटलं त पाण्यावरच पडन." तिने झाड तोडलं. खेळात जळतं झाड कुठेच पडत नाही, आहे तिथेच नाहीसं होतं. हे तिला ठाऊक होतं, तरी तिने तोडलं.

रविवारी सेंटरचं शटर अर्धं खाली होतं. बाहेर ऊन. चौघं चार कॉम्प्युटरवर बसले. साधनाच्या हातात मशाल नव्हती. बाकी तिघांच्या होती. दीपिकाने एक झुडूप पेटवलं आणि मशाल टाकून दिली. "मले नाई जमत," ती म्हणाली.

"एका झुडपानं बी काम होते," प्रफुल म्हणाला. आणि झालं.

पडदा लाल झाला. पंख्याचा आवाज तेवढा येत होता. आग शेंड्यांवरून आली. कळप नेहमीसारखा चरत राहिला, मूर्खासारखा, आणि साधना दात आवळून बसली. पहिली गाय पेटली. धावली. वळली. बोडीत उतरली. धूर निघाला. दुसरी उतरली. डुकरं तर दोन्ही बाजूंनी पडली. मेंढ्यांतल्या बऱ्याच वाटेतच गेल्या, पण काही उतारावरून घरंगळत पाण्यात पोचल्या.

"गाय आहे," दीपिका मोजू लागली. "डुक्कर आहे. मेंढ्या आहेत, साधना!"

"कोंबड्या?" प्रफुल म्हणाला.

कोंबड्या नव्हत्या. कोंबडीत जीवच किती. पाण्याकडे तोंड करायच्या आतच त्या गेल्या होत्या. काळ्या माळावर पिसं पडली होती. चौघांनी चार बाजूंनी शोधलं. शेवटी किल्ल्याच्या दारातल्या बोडीत, पाण्यात डोलत असलेली एक सापडली. एकच.

"एक," प्रफुल म्हणाला. "जोडी नाई."

धनराजने माऊसवर हात ठेवला. त्याचा चेहरा काही आनंदी नव्हता. "साधना, ठरलं होतं."

"जोडी काऊन म्हणलं होतं तू?"

"वंश चालला पाह्यजे म्हणून."

"मंग कोंबडी अंडं द्याले कोणाले विचारते? या खेळात कोंबडा आहे का? गाईले जोडी लागते, मेंढीले लागते. हे एकटी अंडं देते, अन् फेकून फोडलं की एखाद्या अंड्यातून पिल्लू निघते. थांब तू."

"नियम म्हणजे नियम, ताई," प्रफुल म्हणाला.

"नियम तुमचा. कोंबडी माही. दाबाचं असन त माह्या हातावर हात ठेवून दाब." आणि तिने उठून धनराजच्या माऊसवरच्या हातावर आपला हात ठेवला. मासळीचा, खवल्यांनी कापलेला हात. धनराजने स्वतःचा हात हळूच काढून घेतला.

"थांबू थोडं," तो म्हणाला.

ते थांबले. राखेच्या माळावर एक पांढरी कोंबडी फिरत होती आणि चार मोठी माणसं तिच्याकडे बघत होती. शटरखालून एक बाई वाकली. उत्पन्नाचा दाखला पाहिजे होता. साधनाने तिथूनच नाव विचारलं, एका हाताने टाईप केलं, डोळे कोंबडीवर. अंडं पडलं. तिने उचलून फेकलं. फुटलं. काही निघालं नाही.

प्रफुल हसला. साधनाने त्याच्याकडे पाहिलंही नाही. बाईचा अर्ज भरून झाला. दुसरं अंडं पडलं, तेही फुटलं. प्रफुल हसायचा थांबला होता. तो खुर्ची ओढून जवळ आला होता.

"अवं, जोरात फेक ना," तो म्हणाला.

"जोराचा काही संबंध नाई. गप बस."

पुढच्या अंड्यातून पिवळं पिल्लू निघालं. एवढंसं. राखेत उभं राहून आईच्या मागे चालू लागलं. दीपिकाने टाळी वाजवली. धनराज उठून दुसऱ्या मशीनकडे गेला आणि नवीन खेळ तिथे चढवू लागला.

"नर आहे का मादी?" प्रफुलने विचारलं.

"तुले काय कराचं? लग्न लावतं काय?"

साधना पुन्हा खुर्चीवर बसली. पेटलेली कोंबडी चार पावलांपलीकडे पळू शकत नाही, हे आज कळलं होतं. तिने फावडं घेतलं आणि चार पावलांवर लहान लहान बोड्या खणायला लागली. पाण्याने भरली, उतार दिला, पुढे सरकली. माळ संपेपर्यंत तिने मान वर केली नाही. मग प्रफुलकडे वळली.

"लाव आता आग," ती म्हणाली.