चुन्यावरचा संशय

अप्पा डॉक्टरांच्या उजव्या हाताची बोटं कायम काळी असत. पंगतीत एखादा नवखा शेजारी बसला की आपलं पान हळूच पलीकडे सरकवी. अप्पा हसत. "चांदी हो ती, मळ नव्हे." मेंदूचे पातळ काप चांदीच्या क्षारात बुडवले की त्यातल्या पेशी काळ्या होऊन उमटतात. त्याच क्षारानं अप्पांची बोटं रंगली होती.

मी रत्नागिरीतल्या एका शाळेत ड्रॉइंग मास्तर. सूक्ष्मदर्शकातलं कागदावर उतरवायला त्यांना माणूस हवा होता, म्हणून दर रविवारी मी त्यांच्याकडे जाऊ लागलो. पहिल्या दिवशी ठसठशीत मज्जापेशी तेवढ्या काढल्या आणि मधली काटक्याकुटक्यांसारखी भरताड खुशाल गाळली. अप्पांनी कागद परत केला.

"मास्तर, भिंतीचे चिरे काय, सगळेच बघतात. मधला चुना कोण बघतो? मेंदू बिघडतो, त्याला माझा संशय या चुन्यावर आहे."

हा संशय नुसता शास्त्राचा नव्हता. त्यांच्या पत्नी, माई, चाळिशीतच विसरू लागल्या होत्या. आधी आमटीतलं मीठ, मग मुलीचं नाव, शेवटी नवरा. अप्पा संध्याकाळी घरी आले की माई पदर सावरून त्यांच्यापुढे गूळपाणी ठेवत आणि कुठून आलात म्हणून विचारत. इथलाच मी, असं सांगून अप्पा ओटीवर बसून गूळ खात. मला ते बघवत नसे. एवढा शिकलेला माणूस, पण घरात त्याचं काही चालत नव्हतं.

एकदा माई भानावर होत्या. माझ्यादेखतच त्यांनी अप्पांचा हात धरला.

"अहो, मला हे असं का होतंय?"

"शोधतोय," अप्पा म्हणाले.

"जिवंतपणी नाही ना दिसत? मग मी गेल्यावर माझ्याच डोक्यात बघा. पण शोधा."

पुढल्या वर्षी माई गेल्या. भाऊबंदांनी आकांत केला, तरी अप्पांनी माईंचा शब्द राखला. सुरी मात्र त्यांच्या डॉक्टर मित्रानं धरली, अप्पा भिंतीकडे तोंड करून उभे होते. चांदी इतकी सुरेख कधीच चढली नव्हती. चुन्यातल्या पेशी फुगून जागोजागी गोळा झालेल्या. तीन रविवार मी त्या काढत होतो. शेवटचं चित्र त्यांच्यापुढे ठेवून मी विचारलं, काय कळलं?

अप्पांनी चित्रातल्या एका फुगलेल्या पेशीवर आपलं काळं बोट ठेवलं.

"किती बिघडलं होतं ते कळलं. का बिघडलं, ते नाही कळलं मास्तर. आणि तिनं तेवढंच विचारलं होतं."