बँकेचं गाऱ्हाणं

होडीला नवं इंजिन बसवायला बाबांनी बँकेचं कर्ज काढलं. आधी दगा इंजिनाने दिला की बाबांनी, यावर आमच्या घरात अजून एकमत नाही. हप्ते थकले, बँकेने दावा लावला आणि शिरोड्यात बाबांची पत सुकटीच्या भावाला आली. शेवटी वेंगुर्ल्याच्या लोकअदालतीत तडजोड करायचं ठरलं. मी कॉलेजात होते, म्हणून कागद वाचायला मला नेलं. आई न बोलावता आली.

बाबा देवळातलं बडं प्रस्थ. आमच्याकडे देवाला गाऱ्हाणं घालतात, तेव्हा एकजण मोठ्याने मागणं मागतो आणि तो थांबला की बाकीचे 'व्हय म्हाराजा' म्हणतात. त्यातला पहिला आणि सगळ्यात खणखणीत 'व्हय' बाबांचा.

न्यायाधीश एकेक अट सावकाश वाचू लागले. "दर महिन्याला हप्ता भरायचा." ते थांबले.

"व्हय म्हाराजा!" बाबा गरजले.

"एकही महिना चुकवायचा नाही."

"व्हय म्हाराजा!"

"चुकला, तर बँक होडी लिलावात काढील."

आता मागच्या बाकांवरचे थकबाकीदारही सुरात आले, "व्हय म्हाराजा!" शिपाई भिंतीकडे तोंड करून हसत होता. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

बाबा सहीला वाकले, तशी आईने त्यांच्या हातातलं पेन काढून घेतलं.

"पावसात होडी माडाच्या झापांखाली आसता. तेवां हप्तो काय किनाऱ्यावरल्या रेवेन भरतलात?"

"सायब थांबले की 'व्हय' तोंडातसून येताच गो," बाबा पुटपुटले.

तेव्हा मात्र माझी लाज पळाली आणि भीती वाटली. पहिल्याच पावसाळ्यात होडी गेली असती आणि बाबांना दुसऱ्याच्या होडीवर खलाशी म्हणून जावं लागलं असतं. ते त्यांना सोसलं नसतं.

बायका आमच्याकडे गाऱ्हाणं घालत नाहीत. आईने पदर खोचला, हात जोडले आणि थेट न्यायाधीशांनाच घातलं, "बा सायबा म्हाराजा, पावसात दर्यो बंद, होडी वर. त्या दिवसांचे हप्ते नारळी पुनवेच्या मागसून घे रे म्हाराजा!" आणि ती थांबली.

बँकेचे साहेब सकाळपासून शुद्ध मराठी बोलत होते, पण माणूस शेजारच्याच गावचा. फायलीत डोकं खुपसून बसले होते. डोकं वर न करताच ते म्हणाले, "व्हय म्हाराजा!"

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. "बँकेची संमती आहे," ते कारकुनाला म्हणाले, "लिहून घ्या."

होडी राहिली. कर्ज फिटलं त्या वर्षी नारळी पौर्णिमेला बाबांनी किनाऱ्यावर गाऱ्हाणं घातलं आणि त्यात बँकेचंही भलं मागितलं. सगळे 'व्हय म्हाराजा' म्हणाले. बँकेच्या भल्याला आई एकटी तोंड मिटून उभी राहिली.