शंकरपाळे आणि काकूंची कडी

शेजारच्या काकू शंकरपाळे तळताना दाराला आतून कडी लावतात. परक्याची नजर पडली की ते तेलात विरघळतात म्हणे. कुणी बेल वाजवलीच तर स्वतःच ओरडतात, "घरात कोणी नाय!" वास तोवर अख्ख्या पडेगावात चुगली करून आलेला असतो.

यंदा माझेच शंकरपाळे कढईत विरघळले. सासूबाई माझ्या माहेराचा उद्धार करणार, तेवढ्यात छावणीच्या बाजारातून परतलेल्या काकू पिशवीसकट आत शिरल्या.

"वहिनी, पोरीला बोलू नका. माझीच नजर लागली. मघाशी खिडकीतून बघत व्हते मी."

सासूबाई दृष्ट काढायला मीठ-मोहऱ्या आणायला गेल्या. काकू माझ्या कानाशी लागल्या.

"तूप लई झालं, भवाने. माझे बी विरघळतात. नायतर कडी कशाला लावली असती मी?"