आईचा चिनी हिरो

एका चिनी हिरोमुळे माझं लग्न तीन महिने अडलं होतं, असं सांगितलं की लोक हसतात. हसोत बापडे.

कोपरखैरण्यात आमच्या वरच्या मजल्यावर एक कोकणी मुसलमान भाभी राहायच्या. त्यांचे यजमान जहाजावर होते. मारामारीचे सिनेमे समजून त्यांनी हाँगकाँगहून खोकंभर व्हिडिओ कॅसेट आणल्या, आणि निघाले सगळे जुने, काळे-पांढरे, रडके कॅन्टोनीज सिनेमे! एक ठोसा असेल तर शपथ. सासू छळते, सून रडते आणि मध्येच सगळे गायला लागतात. भाषा तर ओ की ठो कळायची नाही. तरी भाभी आणि आई रोज दुपारी डोळ्यांना पदर लावून बसायच्या.

त्यातला हिरो आईच्या मनात भरला. लांब बाह्यांचा झगा, गोड गळा. बायकोला ताप आला की स्वतः काढा उकळायचा, वर रडायचाही. "ह्याला म्हणतात नवरा!" आई म्हणायची. माझे बाबा बाजारात माथाडी. ते तेव्हा शेजारी घोरत असायचे.

इकडे मी महाप्याच्या कारखान्यातला एक मुलगा पसंत करून ठेवलेला. आईने त्याला पाहिलं आणि म्हणाली, "बरा आहे गं, पण डोळ्यांत माया दिसत नाही." अगं, त्याला चष्मा आहे! पण ऐकते कोण? शेवटी त्याच्या घरचे दुसऱ्या मुली बघायला लागले आणि माझं धाबं दणाणलं.

एका रविवारी मी त्याला पुन्हा घरी आणलं. भाभींचे यजमान सुटीवर होते, तेही पोहे खायला खाली आले. टीव्हीवर हिरो गात होता. आईने तिकडे बोट दाखवून चष्मेवाल्याला सुनावलं, "मला असा जावई हवाय."

यजमानांना ठसकाच लागला. "वहिनी, ती बाई आहे! तिकडे जुन्या सिनेमांत बायका हिरो व्हायच्या. ही तर फार नावाजलेली."

"काहीतरीच!" आईने टीव्हीला नाक लावलं. हनुवटी बघितली, मनगटं बघितली. भाभींनी तोंडात पदर कोंबला. मी तर हसून हसून लोळायची बाकी होते.

आई टीव्हीपासून मागे सरली. मग म्हणाली, "म्हणजे असा पुरुष सिनेमावाल्यांनासुद्धा सापडला नाही. मग मी कुठून आणू? टाका उरकून लग्न."

मला इतका आनंद झाला, की मी आईला मिठी मारायला धावले. तर ती खरोखरची रडत होती.